फिजोआचा चुरा

तुम्ही कधी फिजोआ खाल्लाय का?

ऑकलंडमध्ये राहत असाल, तर हा प्रश्न वाचून हसाल. इथे मार्च संपत आला की फिजोआपासून सुटकाच नसते. ऑफिसात कुणीतरी पिशवी भरून आणून ठेवतं. शेजारी फाटकाशी टोपली ठेवतात आणि वर कागदावर लिहितात, 'फुकट. घेऊन जा.' पण तुम्ही नाशिकमध्ये, दुबईत किंवा टोरांटोत बसून हा पाठ वाचत असाल, तर आधी या फळाची ओळख करून देते.

फिजोआ साधारण कोंबडीच्या अंड्याएवढा असतो. रंग हिरवा. पिकला तरी हिरवाच राहतो, त्यामुळे झाडाकडे बघून काही कळत नाही. पिकला की तो आपण होऊन खाली पडतो. म्हणून फिजोआ तोडायचा नसतो, वेचायचा असतो. मधोमध कापला की आत पांढरट गर दिसतो आणि मध्ये जेलीसारखा पारदर्शक भाग. चमच्यानं गर काढायचा आणि खायचा. वास पेरूची आठवण करून देतो. चव थोडी पेरूची, थोडी अननसाची. हे फळ मूळचं दक्षिण अमेरिकेतलं, दक्षिण ब्राझील आणि उरुग्वेकडचं. न्यूझीलंडमध्ये येऊन त्याला साधारण शंभर वर्षं झाली. पेरू, जांभूळ आणि लवंग हे त्याच्याच कुळातले. आमच्याकडे नाताळच्या सुमारास लाल फुलांनी भरून जाणारा पोहुतुकावासुद्धा त्याच कुळातला.

आता गोष्टीकडे येते. ही गोष्ट २०२० सालची आहे.

आम्ही मनुरेवाला राहतो. हे ऑकलंडच्या दक्षिण भागातलं उपनगर. नाव माओरी आहे. मूळ नाव लांबलचक: 'ते मनु रेवा ओ तामापाहोरे', म्हणजे तामापाहोरेचा वाऱ्यावर वाहून गेलेला पतंग. त्या वर्षी जानेवारीत माझी आई सांगलीहून तीन महिन्यांसाठी आमच्याकडे आली. बाबा आले नाहीत. 'घर बंद ठेवायला नको,' हे कारण त्यांनी सांगितलं. खरं कारण त्यांचे गुडघे आणि विमानातले एवढे तास. आईचं परतीचं तिकीट एप्रिलमधलं होतं.

रविवारी, २२ मार्चला, शेजारच्या आजींनी कुंपणावरून हाक मारली. या आजी मूळच्या सामोआच्या. वय सत्तरीच्या पुढे. एकट्याच राहतात. त्यांच्या अंगणात फिजोआचं मोठं झाड आहे आणि त्याची एक फांदी आमच्या बाजूला झुकलेली आहे. त्यांनी काचेचा एक जाड, खोल वाडगा माझ्या हातात दिला. त्यात या मोसमातले पहिले फिजोआ होते.

आईनं फळं परडीत काढली, वाडगा घासला, पुसला आणि मला विचारलं, "आता यात काय घालून परत द्यायचं?"

तुमच्या घरी ही पद्धत आहे का? शेजाऱ्यांकडून काही आलं, तर त्यांचं भांडं रिकामं परत करायचं नाही. घरात जे असेल ते घालायचं. काहीच नसलं, तर चिमूटभर साखर तरी. आई म्हणाली, "बुधवारी पाडवा आहे. श्रीखंड करू आणि देऊ."

पण बुधवारपर्यंत सगळंच बदललं. २२ मार्चपासून भारतानं बाहेरून येणारी विमानं बंद केली. आधी आठवड्यापुरती, मग मुदत वाढत गेली. इकडे न्यूझीलंडमध्ये सत्तरीच्या पुढच्या लोकांना घरातच राहायला सांगितलं होतं. सोमवारी सरकारनं जाहीर केलं की बुधवारी रात्री ११ वाजून ५९ मिनिटांपासून सगळा देश बंद. प्रत्येकानं आपल्या घरच्या माणसांबरोबर राहायचं. इथे त्याला 'बबल' म्हणायचे. दुसऱ्याच्या बबलमध्ये जायचं नाही.

बुधवारी, २५ मार्चला, आईनं मागच्या ओट्यावर गुढी उभी केली. काठी केरसुणीची होती. कडुलिंब मिळाला नाही, म्हणून कढीलिंबाची डहाळी बांधली. श्रीखंड झालं, पण कुंपणापलीकडे गेलं नाही. आजींच्या वयाची मला भीती वाटली. आपल्या हातून त्यांना काही झालं तर? मी आईला म्हटलं, "थोडे दिवस थांबू." वाडगा स्वयंपाकघराच्या खिडकीत जाऊन बसला. त्याच दिवशी भारतातही टाळेबंदी सुरू झाली, आणि बाबा सांगलीत एकटे अडकले.

माझ्या बाबांना तेव्हा चहाशिवाय काही करता येत नव्हतं. स्वयंपाकाच्या मावशींचं येणं बंद झालं. समोरच्या काकू रोज दारात डबा ठेवायच्या, घंटा वाजवायच्या आणि मागे सरकायच्या.

आई रोज दुपारी दीड वाजायची वाट बघत बसायची. तेव्हा सांगलीत सकाळचे सहा वाजलेले असत आणि बाबा चहाचा कप घेऊन फोनसमोर येत. ५ एप्रिलला इथली घड्याळं एक तास मागे गेली. दोन्हीकडच्या वेळेतलं अंतर साडेसात तासांवरून साडेसहा तासांवर आलं. आता बाबा साडेबारालाच दिसू लागले. आई म्हणाली, "तुझे बाबा तासभर जवळ आले गं." मग ती हसली. त्या महिन्यात मी तिला फार वेळा हसताना पाहिलं नाही.

एकदा तिनं बाबांना विचारलं, "काकूंचा डबा परत कसा देता?"

"धुऊन देतो की."

"रिकामा?"

"मग काय घालू त्यात? मला काय येतंय?"

फोन ठेवल्यावर आई बराच वेळ खिडकीतल्या वाडग्याकडे बघत होती. "तिकडे ते आणि इकडे मी," ती म्हणाली, "दोघंही लोकांची भांडी अडवून बसलोय."

त्यानंतर ती आणखीच गप्प झाली. स्वयंपाकघरात यायची, पण स्टुलावर बसून राहायची. "मला काय कळतंय तुमच्या इथलं," असं म्हणायची. हीच आई दिवाळीत पन्नास माणसांचा फराळ एकटीनं करायची. एकदा मी मुलाला मनुरेवाच्या नावाचा अर्थ सांगत होते. ते ऐकून ती म्हणाली, "माझंच नाव ठेवलंय की गावाला."

फिजोआ मात्र थांबायला तयार नव्हते. झुकलेल्या फांदीवरून आमच्या अंगणात रोज वीस-पंचवीस फळं पडायची. माझा आठ वर्षांचा मुलगा सकाळी उठून बादली घेऊन वेचायला जायचा. आम्ही कापून खाल्ले, दह्यात घालून कोशिंबीर केली, तरी बादली भरलेलीच.

१५ एप्रिलला शाळा ऑनलाइन सुरू झाली. बाईंनी पहिल्याच आठवड्यात गणिताचा अभ्यास दिला: 'घरात असलेल्या फळांचा एक गोड पदार्थ करा. मापं लिहा.' सोबत नमुना म्हणून एक पाककृती होती, पीचच्या कॉब्लरची. मी गोंधळले. माझ्या इंग्रजीत कॉब्लर म्हणजे चपला शिवणारा माणूस! मुलानं शोधून काढलं की कॉब्लर हा अमेरिकेतला पदार्थ आहे. फळांवर मऊ पिठाचे गोळे टाकायचे आणि भाजायचे.

कुंपणापलीकडे शेजारच्या आजी खुर्ची टाकून बसल्या होत्या. मुलगा लांबूनच ओरडला, "फिजोआचा कॉब्लर कसा करायचा?"

"कॉब्लर कशाला?" त्या म्हणाल्या. "इथे क्रंबल करतात. तो सोपा असतो." आणि तिथूनच त्यांनी मापं सांगितली. मुलानं वहीत लिहून घेतली.

घरात आल्यावर आईनं विचारलं, "क्रंबल म्हणजे काय रे?"

त्यानं थोडा विचार केला. मराठीच्या तासाला शब्दांचे अर्थ शोधायची त्याला सवय आहे. "चुरा," तो म्हणाला.

"चुरा होय! मग तसं सांग की." त्या दिवसापासून आमच्या घरात या पदार्थाचं नाव 'फिजोआचा चुरा' असं पडलं.

आता अडचण मैद्याची. त्या दिवसांत दुकानातली मैद्याची फळी रिकामीच असायची. गंमत म्हणजे देशात पीठ कमी नव्हतं. कमी पडल्या त्या घरगुती वापराच्या लहान पिशव्या, कारण एकदम सगळेच घरी भाजायला लागले होते. पण आमच्याकडे पोळ्यांची कणीक होती, दहा किलोचं पोतं. मी म्हटलं, कणकेचाच करू.

पहिला प्रयत्न साफ फसला. मी लोणी वितळवून कणकेत ओतलं. कणीक कोरडी वाटली म्हणून वर थोडं पाणी घातलं. फळांचा रस काढून न टाकता सगळं भांड्यात भरलं. तासाभरानं ओव्हनमधून जे निघालं, ते खाली आमटीसारखं पातळ आणि वर खापरासारखं कडक होतं. मुलानं चमचा आपटून पाहिला. टक्‌ असा आवाज आला.

"आई, याची तर भाकरी झाली," तो म्हणाला.

आणि आजी स्टुलावरून उठली.

"पाणी कशाला घातलंस?" तिनं मला विचारलं. "अगं, हे मोहन आहे. करंजीच्या पिठाला घालतो ना, तसं. लोणी थंडच घे आणि पिठाला चोळ. मूठ वळली की झालं." मग ती थांबली. "अंडं नाही ना यात?"

"नाही."

"मग सरक बाजूला."

तुम्ही कधी करंजी किंवा शंकरपाळे करताना पाहिलंय का? पिठात तूप किंवा तेल घालून दोन्ही हातांनी चोळतात, त्याला मोहन म्हणतात. मोहन पुरेसं झालं का, हे बघायची एक जुनी परीक्षा आहे. चोळलेलं पीठ मुठीत घट्ट दाबायचं. मुटका तसाच राहिला, तर मोहन बरोबर. तो बोटानं टोकरला की पुन्हा भुगा व्हायला हवा. क्रंबलचं वरचं पीठ म्हणजे नेमकं हेच, फक्त पुढे पाणी घालून मळायचं नाही. आईला ती पाककृती वाचताही येत नव्हती, पण तिच्या हातांना ती पन्नास वर्षांपासून पाठ होती.

आम्ही केला तसा तुम्हीही करून पाहा. मोठ्या माणसाला सोबत घ्या, कारण ओव्हन तापलेला असतो.

एक किलो फिजोआ घ्या. अर्धे कापा आणि चमच्यानं गर काढा. साल घेऊ नका, ती तुरट-आंबट लागते. आतला गर तपकिरी झाला असेल, तर ते फळ टाकून द्या. गरात दोन मोठे चमचे साखर घालून दहा मिनिटं ठेवा. फार रस सुटला, तर थोडा काढून घ्या. तो टाकू नका, पिऊन टाका. गर ओव्हनमध्ये चालणाऱ्या भांड्यात पसरा.

वरच्या चुऱ्यासाठी एक कप कणीक किंवा मैदा, अर्धा कप ओट्स, अर्धा कप ब्राउन शुगर आणि शंभर ग्रॅम थंड लोण्याचे तुकडे घ्या. आई यात पाव चमचा सुंठ आणि दोन वेलदोड्यांची पूड घालते. बोटांच्या टोकांनी चोळा. तळवे लावू नका, लोणी वितळतं. मूठ वळली की थांबा. हा चुरा फळांवर सैल भुरभुरा, दाबू नका. ओव्हन १८० अंशांवर तापवून घ्या आणि तीस ते पस्तीस मिनिटं भाजा. कडेनं रस उकळताना दिसला आणि वरून बदामी रंग आला की बाहेर काढा. गरम असताना सोबत व्हॅनिला आइस्क्रीम किंवा घट्ट दही घ्या.

क्रंबल दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ब्रिटनमध्ये घरोघरी पोहोचला, असं सांगतात. तेव्हा लोणी आणि साखर मोजून मिळायची. पायच्या पारीला जेवढं लागतं, तेवढं लोणी कुठून आणणार? मग थोड्याशा लोण्यात पीठ चोळायचं आणि फळांवर टाकायचं. टंचाईतून आलेला हा पदार्थ आमच्याही घरी टंचाईतच आला.

दुसऱ्या प्रयत्नातला चुरा आम्ही चौघांनी एका बैठकीत जवळजवळ संपवला. दुसऱ्या दिवशी साडेबारा वाजता आईनं बाबांना उरलेली एक वाटी फोनवर दाखवली आणि म्हणाली, "अहो, हा आठ वर्षांचा मुलगा पीठ चोळायला शिकला. तुम्हाला शिरा जमणार नाही होय?"

"मला?"

"तुम्हालाच. फोन गॅसपाशी ठेवा. मी सांगते तसं करा."

पहिल्या दिवशी रवा करपला. दुसऱ्या दिवशी गुठळ्या झाल्या. बाबा म्हणाले, "जाऊ दे ना." आई म्हणाली, "उद्या परत." ती आता फोनसमोर गप्प बसत नव्हती. "गॅस बारीक करा. हलवत राहा. वास आला का? नाही? मग अजून भाजा." चौथ्या दिवशी बाबांनी शिरा केला आणि काकूंच्या डब्यात भरून दारात ठेवला. संध्याकाळी काकूंचा आईला फोन आला. "वहिनी, आज डबा जड लागला हो," त्या म्हणाल्या. आई फोनवर काही बोलली नाही. तिनं पदर डोळ्यांना लावला.

आमचा वाडगा मात्र अजून खिडकीतच होता. एप्रिलच्या शेवटी निर्बंध थोडे कमी झाले, तरी बबल सुटले नाहीत. शेवटी १४ मेपासून शेजाऱ्यांना भेटायला परवानगी मिळाली. त्या सकाळी आईनं बादलीतले चांगले फिजोआ निवडले. मोसम संपत आला होता. तिनं चुरा या वेळी आजींच्याच वाडग्यात भाजला. मग पाडव्याची साडी नेसली. मी म्हटलं, "अगं, कुंपणापर्यंतच तर जायचंय." ती म्हणाली, "दोन महिने भांडं ठेवून घेतलंय मी. अशीच जाऊ?"

आईला इंग्रजी येत नाही. शेजारच्या आजींना मराठी येत नाही. आईनं फडक्यात धरलेला गरम वाडगा पुढे केला आणि म्हणाली, "फिजोआचा चुरा."

"चुरा," आजी म्हणाल्या. त्या आत जाऊन चमचा घेऊन आल्या आणि कुंपणापाशी उभ्या राहूनच त्यांनी एक घास घेतला. मग दुसरा. वेलदोडा त्यांना ओळखू आला नाही, त्यांनी वास घेऊन पाहिला. मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "आईला सांग, सात आठवड्यांत मी पहिल्यांदा दुसऱ्या कुणाच्या तरी हातचं खातेय."

मी आईला सांगितलं. खरं सांगू? मला तेव्हा लाज वाटली. एवढे दिवस मी आईच्या एकटेपणाची काळजी करत होते. कुंपणापलीकडे त्या खुर्चीत तेवढंच एकटं माणूस बसलेलं आहे, हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. मी त्यांच्या तब्येतीला जपलं, पण कुंपणावरून गप्पा मारायला किती वेळा गेले? मोजले तर दोन-तीन वेळा. वाडगा नंतर दिला असता तरी चाललं असतं. हाक तर रोज मारता आली असती.

पुढे हिवाळ्यात 'वंदे भारत' मोहिमेतल्या एका विमानानं आई भारतात परतली, आणि विलगीकरणाचे दिवस संपवून सांगलीच्या घरी पोहोचली. दारात पाऊल टाकल्यावर बाबांनी तिला बसायला सांगितलं आणि शिऱ्याची वाटी पुढे केली. रवा थोडा कच्चा होता, असं ती मला फोनवर हळूच म्हणाली. पण तिनं वाटी संपवली.

तो काचेचा वाडगा अजून कुंपणावरून ये-जा करतो. आजी त्यात फिजोआ घालून पाठवतात. आम्ही चुरा घालून परत करतो. कधी त्या नारळाच्या दुधातलं काहीतरी गोड पाठवतात, मग आम्ही चिवडा देतो. रिकामा वाडगा इकडूनही जात नाही आणि तिकडूनही येत नाही. त्यामुळे आता तो नक्की कोणाच्या घरचा, हे सांगणं कठीण झालंय.

तुमच्या गावात फिजोआ मिळत नसेल, तर सफरचंद, आंबा किंवा घट्ट पेरू घ्या. चुरा तसाच करायचा. फक्त करायला घेण्याआधी एकदा आईबाबांना विचारा, "आपल्या घरात कुणा शेजाऱ्याचं भांडं पडलंय का?" असलं, तर त्यातच भाजा. ओव्हनमध्ये चालणारं असेल तरच हं! प्लास्टिकचा डबा असेल, तर चुरा थंड झाल्यावर त्यात भरा. आणि डबा दारात ठेवून येऊ नका. घंटा वाजवा, थांबा आणि दोन मिनिटं बोलून या.